पोलंडच्या बाई आणि सांगलीचा प्रयोग

सांगलीच्या स्पर्धेत मला दिग्दर्शनाचं पहिलं बक्षीस मिळालं, ते मी तोंड बंद ठेवलं म्हणून. हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, नाटकातल्या मंडळींना नाही. ज्या बाईंना सांगायला हवं होतं त्यांना तर मी उलटंच सांगितलं. लोक भेटतात, म्हणतात, "काय जागा काढलीत हो शेवटच्या प्रसंगात!" मी मान खाली घालतो. लोकांना वाटतं, काय नम्र माणूस आहे.

पण आधी बाई. नाहीतर मी आपला माझंच सांगत बसेन.

मी साताऱ्याच्या स्टँडवर गाड्यांची घोषणा करतो. एके दिवशी केबिनच्या काचेवर कुणीतरी टकटक केलं. बाहेर एक उंच गोरी म्हातारी. पांढरे केस पोरासारखे कापलेले, अंगात गावाकडच्या बायका घालतात तसला बटणांचा स्वेटर, पायात मोजे आणि मोज्यांवर कोल्हापुरी चपला. मला वाटलं महाबळेश्वरला जायचं असेल. मी माझं ठेवणीतलं इंग्रजी काढायच्या बेतात होतो.

"आरं ए गड्या," म्हातारी म्हणाली, "तू लय वाईट बोलतोस."

मी गार. दोन कंडक्टर उभे होते, ते हातातला चहा तसाच धरून बघत राहिले.

"गाडी कुठली पाहिजे बाई?"

"गाडी घावली मला. तू गळ्यातनं बोलतोस. असा गळा जाईल. पोटातनं बोल. मेढा म्हण बघू."

"मेढा."

"न्हाई. मेढा लांब हाय. तितं पोचू दे की."

मी मेढा तिथं पोचवेपर्यंत मेढ्याची गाडी सुटून गेली. बाई त्याच गाडीला आल्या होत्या. त्यांना काही वाटलं नाही. पुढची येईपर्यंत त्यांनी मला केळघर म्हणायला लावलं.

बाई पोलंडच्या नटी होत्या. नाटकातल्या आणि सिनेमातल्या दोन्ही. त्यांची आई लहानपणी, दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, कोल्हापूरजवळ वळिवड्याला निर्वासितांच्या छावणीत वाढलेली. आई पुढं मायदेशी परत गेली, पण मरेपर्यंत पोरांना रागावताना "गप बस" असंच म्हणायची. हे "गप बस" कुठून आलं ते बघायला बाई म्हातारपणी इकडं आल्या. वळिवडं बघितलं, आणि मग डोंगर आवडले म्हणून मेढ्याला सुमनमावशींच्या माडीवर खोली घेतली. दर थंडीत यायच्या आणि पावसाच्या तोंडाला परत जायच्या. मराठी शिकल्या ती सुमनमावशींकडून, त्यामुळं कलेक्टरला सुद्धा "आवं" आणि पोरासोरांना "आरं". पुस्तकातली मराठी ऐकली की म्हणायच्या, "ही इस्त्री केलेली हाय. माझ्या अंगाला टोचती."

आपल्या कामाबद्दल बाई फार बोलायच्या नाहीत. बोलल्या तर असं, की ऐकणाऱ्याला हसावं का गप्प बसावं कळू नये. नाटकात त्या राण्या झाल्या. सिनेमात वाट बघणाऱ्या बायका झाल्या: स्टेशनावर वाट बघणाऱ्या, तुरुंगाबाहेर वाट बघणाऱ्या. टीव्हीवर एका लांबलचक मालिकेत डॉक्टरीण झाल्या, तेव्हा लोक त्यांना रस्त्यात थांबवून गुडघे दाखवायचे. "मी गोळी लिहून द्यायची," बाई म्हणाल्या. "लोक बरे बी व्हायचे." वय झालं तशा आज्या वाट्याला आल्या. आज्या पहिल्याच भागात मरायच्या. एकदा मी हट्टच धरला तेव्हा त्यांनी फोनवर जुन्या काळ्यापांढऱ्या सिनेमाचा एक तुकडा दाखवला. बर्फातून एक तरणी बाई बादली घेऊन रस्ता ओलांडते. संपलं.

"तुम्ही नायिका होता?"

"न्हाई. बादली नायिका होती. मी तिला नेत होते."

आणखी एक सांगायच्या. त्यांच्या देशात सैन्याची राजवट आली तेव्हा नटांनी ठरवलं, सरकारच्या टीव्हीवर काम करायचं नाही. पोटाला चिमटा बसला, पण बाई गेल्या नाहीत. जे गेले ते नंतर रंगमंचावर आले की प्रेक्षक टाळ्या वाजवत सुटायचे. थांबायचेच नाहीत. नटाला एक शब्द बोलता येऊ नये म्हणून टाळ्या. "टाळ्या कसल्या हाईत ते आधी बघायचं," बाई म्हणायच्या. "आन मी त्या सालात टीव्हीवर जे न बोलले, ते माझं सगळ्यात चांगलं काम." न बोलण्याचा त्यांना असा अभिमान होता. माझ्या न बोलण्याचं मी काय करू?

आमची साताऱ्यातली नाटकमंडळी म्हणजे हौशी. कुणी झेडपीत, कुणी दुकानात, आणि फौजेतून निवृत्त झालेले एक सुभेदार, ज्यांना नाटकात कायम साहेबाचं काम मिळायचं कारण ते दुसरं कशात बसायचेच नाहीत. लिहायचं, बसवायचं, पडद्यामागून वाक्यं पुरवायची, हे सगळं माझ्याकडं. बाई तालमीला येऊन मागं बसायला लागल्या. मग एक दिवस सुभेदारांच्या हातातली संहिता खाली पडली. ते वाकणार तेवढ्यात बाई धावत आल्या आणि चपलेसकट तिच्यावर पाय देऊन उभ्या राहिल्या.

सुभेदारांचा चेहरा बघण्यासारखा झाला. "आवं बाई! पाय लावला? सरस्वती हाय ती!"

"पडलेली संहिता आधी तुडवायची. न्हाईतर नाटक पडतंय. आमच्यात सगळे तुडवतात."

"तुमच्यात तुडवत असतील. आमच्यात पाप लागतंय."

"मग नाटक पडू द्यू?"

सुभेदार विचारात पडले. पाप का नाटक, असा सवाल त्यांना फौजेत कुणी टाकला नव्हता. शेवटी बाईंनीच तोड काढली: तुडवायचं, आणि मग उचलून कपाळाला लावायचं. आमच्या मंडळीत आजही तसंच करतात. नवीन पोरांना वाटतं ही फार जुनी सातारी पद्धत आहे.

प्रयोगाच्या आधी नटराजाची पूजा झाली, नारळ फुटला, की बाईंचा वेगळा विधी असायचा. एकेकाला पाठमोरं उभं करून ढुंगणावर गुडघा मारायच्या. शुभ असतं म्हणे. आणि त्याला आभार मानायचे नाहीत, मानले की शुभ गेलं. "चीनच्या बॉर्डरवर गेलो, कुणी लाथ घातली न्हाई," सुभेदार म्हणायचे, "म्हातारपणी ह्ये बी झालं." पण रांगेत पहिले तेच उभे असायचे.

मेढ्याला बाई पाठांतर करायच्या ते माळावर, म्हशींसमोर. सुमनमावशी कपाळावर हात मारून घ्यायच्या. बाई म्हणायच्या, म्हैस खरी प्रेक्षक. आवडलं न्हाई तर उठून जाती, पास मिळालाय म्हणून बसत न्हाई.

मी त्यांच्यासाठी नाटक लिहिलं. मनात होतं, परदेशी बाई मिळाली आहे तर एखादी मडम लिहू. बाई उसळल्या. "गोरी बाई नको मला. गोरी मी घरीबी हाय. मला मेढ्याची म्हातारी दे." म्हणून मग मेढ्याची म्हातारी. धरणात गाव गेलेली. साहेब तिला म्हणतो, तिथं आता काही नाही, नुसतं पाणी आहे. आणि म्हातारी शेवटच्या प्रसंगात उभी राहून अख्खं गाव घरागणिक सांगते. वरच्या आळीला तानूचं घर, त्याच्या म्होरं लोहाराची भट्टी, भट्टीच्या अंगाला चिंच, असं करत नदीपर्यंत. नाटक त्या सांगण्यावरच उभं होतं. बाईंनी ते असं बसवलं की तालमीत झेडपीतला आमचा एकजण, ज्याचं आजोळ तसंच गेलं होतं, उठून बाहेर निघून गेला.

आणि मग ते. स्पर्धेच्या आधी काही दिवस बाई स्टँडवर आल्या, केबिनमध्ये बसल्या, मला माईक बंद करायला लावला.

"मला शब्द सोडून चाललेत," म्हणाल्या.

"मराठी शब्द ना? ते होतंच बाई, आम्हालासुद्धा—"

"मराठी न्हाई. सगळेच. काल बहिणीचं नाव आठवंना. तिकडं डॉक्टरांनी सांगितलंय. कुणाला सांगू नको. सुभेदाराला तर अजिबात नको, तो रडंल."

बाहेर फलटणची गाडी लागली होती, लोक काचेवर बोटं मारत होते.

"भ्यायचं न्हाई," बाईच मला म्हणाल्या. त्यांच्याकडं, म्हणजे पोलंडात, पडद्यामागून वाक्यं पुरवणारा पगारी माणूस असतो, त्याला सुफ्लर म्हणतात. त्यांच्या थिएटरात एक म्हातारी सुफ्लर होती. ती बोलायचीसुद्धा नाही, नुसता श्वास घ्यायची, आणि बाईंना वाक्य कळायचं. "नटीचे शब्द गेले तर चालतंय. सुफ्लर असतोय. पण सुफ्लरचं ऐकायला येईना झालं, की मग गुमान घरी जायचं. तू असशील तर मी हुबी ऱ्हाते. तुझं कुजबुजणं बी मेढ्याला पोचतं आता."

मग रोज तालीम झाल्यावर आम्ही दोघंच थांबायचो. त्यांनी मला शिकवलं: नट अडला की बोलायचं नाही, अडायच्या आधी, त्याचा श्वास बदलला की बोलायचं. पहिले दोन शब्द, बास. तिसरा दिलास तर तू नटाच्या जागी उभा राहिलास. मी शिकलो. अडण्याची त्यांची लकब मला पाठ झाली. डावा अंगठा तर्जनीवर घासायच्या. तो घासला की मी दोन शब्द सोडायचो आणि त्या पुढं जायच्या. कुणाला पत्ता लागायचा नाही.

आता आमच्या हौशी स्पर्धेतली गोष्ट सांगायला हवी. इथं प्रॉम्प्टिंग ऐकू येणं म्हणजे नाक कापलं जाणं. आधीच्या खेपेला आमच्याच प्रयोगाबद्दल परीक्षक भर मंचावर म्हणाले होते, "प्रॉम्प्टरचे उच्चार नायकापेक्षा स्वच्छ होते." सगळं सभागृह हसलं. मीही हसलो. घरी जाऊन जेवलो नाही. मनात पक्कं बसलं होतं, या खेपेला विंगेतून हूं की चूं नाही.

सांगलीला दुपारीच पोचलो. सांगलीत नाटक करायचं म्हटलं की आम्ही गाडीतच संहिता उघडून बसतो, तिथल्या प्रेक्षकाला सगळं कळतं असा आमचा समज. बाई मात्र मजेत. कृष्णेच्या घाटावर जाऊन आल्या, भडंग खाल्लं, सगळ्यांना गुडघे मारले. मला जरा जोरातच मारला.

तिसरी घंटा झाली. प्रयोग रंगत गेला. बाईंचा अंगठा दोनतीनदा हलला, मी दोन दोन शब्द सोडले, त्या सहज पुढं गेल्या. मग शेवटचा प्रसंग. सुभेदार साहेबाच्या खुर्चीत. म्हातारी उभी. वरच्या आळीला तानूचं घर. त्याच्या म्होरं लोहाराची भट्टी. भट्टीच्या अंगाला चिंच. चिंचंखाली...

अंगठा हलला.

चिंचंखाली आमची देवळी, असं वाक्य होतं. माझं बोट त्याच्यावर होतं. बोटाचीही गरज नव्हती, मीच लिहिलेलं. "आमची देवळी." दोन शब्द.

पण सभागृह इतकं चिडीचूप होतं, की मला माझा श्वास ऐकू येत होता. मी म्हटलं, ऐकू जाईल. पहिल्या रांगेत परीक्षक. म्हटलं, एक क्षण थांबू, आठवेल त्यांना. इथपर्यंत मी भित्रा होतो, एवढंच. इथं थांबलो असतो तर हे लिहायची वेळ आली नसती.

बाईंनी मान वळवून विंगेकडं, माझ्याकडं बघितलं. प्रेक्षकांना वाटलं असेल म्हातारी तिच्या गावाकडं बघते आहे. त्या माझ्याकडं बघत होत्या, आणि त्या घाबरल्या होत्या. नाटकातली भीती नव्हती ती. रस्ता चुकलेल्या माणसाची होती. आणि त्याच वेळी मला दिसलं की परीक्षकांनी पेन खाली ठेवलं आहे आणि ते पुढं झुकले आहेत.

मला कळलं, जागा रंगते आहे. त्या खऱ्या घाबरल्या आहेत म्हणून रंगते आहे. आणि मी ती रंगू दिली. माझं तोंड उघडं होतं, ते मी मिटलं. त्यांनी बघितलं मी मिटताना, असं मला कधी कधी वाटतं. विंगेत अंधार होता. दिसलं नसेल.

किती वेळ गेला सांगता येत नाही. मग बाईंनी तोंड फिरवलं, सुभेदारांकडं बघितलं आणि अगदी हळू म्हणाल्या, "सायब, म्होरचं बुडालं. माझ्या डोक्यातबी पाणी शिरलं."

आणि खाली बसल्या.

हे संहितेत नव्हतं. सुभेदारांना पुढची तीन पानं येत होती, पण त्या माणसाने आयुष्यात पहिल्यांदा साहेबाची खुर्ची सोडली, आणि ते बाईंच्या शेजारी जमिनीवर जाऊन बसले. मी पडदा पाडायला सांगितला. टाळ्या सुरू झाल्या त्या थांबेनात.

रंगपटात बाई आरशासमोर बसल्या होत्या. बाहेर अजून टाळ्या ऐकू येत होत्या.

"ह्या कसल्या टाळ्या?" त्यांनी विचारलं.

"चांगल्या, बाई."

मग आरशातूनच माझ्याकडं बघत म्हणाल्या, "तू बोललास का?"

सुभेदार शेजारीच उभे होते, डोळे पुसत. मंडळी आत येत होती. मी म्हणालो, "बोललो की. दोनदा बोललो. ऐकायला नाही आलं तुम्हाला?"

बाईंनी हात उचलून कानाला लावला. "दोनदा?"

"दोनदा."

"आसं व्हय," म्हणाल्या. आणि तोंड पुसायला लागल्या.

निकालात परीक्षक बोलले, विस्मरण ही संकल्पना इतक्या धीटपणे वापरणारा दिग्दर्शक हौशी रंगभूमीवर विरळा. मी मंचावर गेलो. हात पुढं केला. घेतलं.

सांगलीची फेरी प्राथमिक होती, तिथून आमची अंतिम फेरीला निवड झाली. त्या फेरीला बाई आल्या नाहीत. मी मेढ्याला जाऊन विनवलं. त्या परड्यात मुळे उपटत होत्या. "सुफ्लर दोनदा बोलला आन मला आलं न्हाई," म्हणाल्या. "मग काय ऱ्हायलं? ऐकायला येईना झालं की गुमान घरी जायचं, म्हणाले होते न्हवं? ते हेच." मी तेव्हा सांगू शकत होतो. सुभेदार नव्हते, मंडळी नव्हती, फक्त सुमनमावशी आणि मुळे. मी म्हणालो, "तब्येतीला जपा." त्यांच्या जागी दुसऱ्या बाईंना उभं केलं, त्यांना ते थांबणं आणि ते विंगेकडं बघणं बसवून दिलं. प्रयोग पडला. आम्हाला एक चहासुद्धा कुणी पाजला नाही. सुभेदार परतीच्या गाडीत म्हणाले, "सर, विसरणं शिकवता येत न्हाई व्हय?" त्यांनी सहज विचारलं असेल.

बाई त्या थंडीत लवकर परत गेल्या आणि नंतर आल्या नाहीत. तिकडं म्हाताऱ्या नटनट्यांसाठी एक घर आहे म्हणे, झाडीत. तिथं असतात. तिथं दर शनिवारी कुणी ना कुणी काहीतरी करून दाखवतं. बाई करत नाहीत. मागं बसतात. सुमनमावशींच्या नातीच्या फोनवर त्यांचा अधूनमधून व्हिडिओ कॉल येतो.

गेल्या महिन्यात सुमनमावशी स्टँडवर आल्या. माझ्या खिडकीशी पिशवी टेकवली.

"बाईंचा फोन आलता. लय विसरत्यात रं. मलाच म्हणत्यात, आई हाय का घरात."

"मला ओळखतात का अजून?"

"तुला कसं इसरतील? तुझाच इषय असतोय. तिथं सेवा करणाऱ्या पोरींनी कान तपासून आणलं म्हणं त्यांचं. डाक्टर म्हणतोय कान ठणठणीत. तर बाई त्याला शिव्या घालत्यात. म्हणत्यात, तुला काय कळतंय, सांगलीत माझा माणूस दोनदा बोलला, मला आलं न्हाई. तीनदा कान तपासलं रं तिथल्या लोकांनी. तू तर सांग की एकदा त्यास्नी समजावून. तुझं ऐकतील."

"सांगतो," मी म्हणालो.

"कवा? इसरायच्या आधी सांग, मग काय उपेग?"

त्यांची गाडी लागली. मी घोषणा केली, त्या चढल्या, हात केला. त्यानंतर दोन रविवार मी मेढ्याला जाऊन आलो. एकदा नात क्लासला गेली होती. एकदा नात घरात होती, फोन तिच्या हातात होता, "लावू का काका?" म्हणाली, आणि मी म्हणालो तिकडं आत्ता जेवायची वेळ असेल.

बाईंना एवढं सांगायचं आहे: मी बोललो नव्हतो. एकदाही नाही. तुम्हाला व्यवस्थित ऐकू येत होतं. ते मी अजून सांगितलेलं नाही.